मोका पॉट घ्यायचा विचार करताय? मग आधी अल्फोन्सो बियालेत्ती या ओतकाम करणाऱ्या माणसाची गोष्ट वाचा

सध्या कॉफीची जाम हवा आहे. पुण्या-मुंबईत गल्लोगल्ली कॅफे निघालेत. पण रोज रोज कॅफेतला कप परवडत नाही म्हटल्यावर लोक घरीच कॉफी करायच्या मागे लागलेत. सर्च मारला की सगळ्यात आधी समोर येतं ते आठ बाजूंचं, कमरेत आवळलेलं, काळ्या दांड्याचं चंदेरी भांडं.

मोका पॉट.

बघायला झकास. पण विकत घ्यायला गेलं की डोकं चक्रावतं. ॲल्युमिनियमचा घ्यायचा की स्टीलचा? तीन कपांचा की सहा कपांचा? इंडक्शनवर चालेल का? आणि यातून जे निघतं ते खरंच एस्प्रेसो असतं का?

या बहुतेक प्रश्नांची उत्तरं एका माणसाच्या आयुष्यात सापडतात. त्या माणसाचं नाव अल्फोन्सो बियालेत्ती. गडी ना कॉफीचा व्यापारी होता, ना कॅफेचा मालक. तो होता धातूचं ओतकाम करणारा कारागीर.

फ्रान्समध्ये शिकलेली विद्या

उत्तर इटलीत, आल्प्सच्या पायथ्याशी पिडमाँट नावाचा प्रांत आहे. तिथे ओर्ता नावाचं तळं आहे आणि तळ्याच्या काठावर ओमेन्या हे गाव. या गावाजवळच्या मोन्तेबुल्यो नावाच्या छोट्याशा वस्तीत १८८८ साली अल्फोन्सोचा जन्म झाला.

हाताला काम पाहिजे म्हणून तरुणपणी अल्फोन्सो शेजारच्या फ्रान्समध्ये गेला. तिथे ॲल्युमिनियमच्या धंद्यात त्याने जवळपास दहा वर्षं काढली. त्या काळी ॲल्युमिनियम हा नव्या जमान्याचा धातू होता. हलका, चकचकीत, न गंजणारा. आपल्याकडे पुढे याच धातूच्या भांड्यांना लोक जर्मनची भांडी म्हणायला लागले.

फ्रान्समध्ये अल्फोन्सो एक महत्त्वाची गोष्ट शिकला. वितळलेलं ॲल्युमिनियम धातूच्या कायमस्वरूपी साच्यात ओतायची पद्धत. वाळूचा साचा दर वेळी नव्याने करावा लागतो. धातूचा साचा एकदा केला की त्यातून तोच नग पुन्हा पुन्हा काढता येतो. नग साफ निघतो आणि मेहनतही कमी लागते.

पहिलं महायुद्ध संपलं आणि अल्फोन्सो आपल्या मुलखात परत आला. १९१९ साली त्याने ओमेन्याजवळच्या क्रुसिनाल्लो इथे स्वतःचं ओतकामाचं वर्कशॉप टाकलं. तिथे ॲल्युमिनियमच्या वस्तू आणि अर्धवट तयार माल निघायचा. धंदा बेताचा, पण चालू होता.

कॉफीचा यात अजून पत्ताच नव्हता.

कॉफी होती, पण ती बारमध्ये

इथे त्या काळची इटली समजून घ्यायला पाहिजे.

इटलीत कॅफेला बार म्हणतात. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला या बारमध्ये एस्प्रेसोची मोठमोठी मशीन आली. मिलानच्या लुईजी बेझेराने १९०१ साली अशा मशीनचं पेटंट घेतलं होतं. बॉयलर, नळ, तोट्या, वाफेचा फुसफुसाट. एकेका कपासाठी वाफेच्या दाबाने पाणी कॉफीतून ढकललं जायचं. झटपट, कडक आणि गरमागरम.

पण हे मशीन घरात आणणं कुणाच्या बापाला जमणारं नव्हतं. किंमत अफाट, आकार अवाढव्य आणि चालवायला माहीतगार माणूस लागायचा. त्यामुळे कडक कॉफी प्यायची तर बारमध्ये जायचं. आणि बारमध्ये जाणार कोण? मुख्यतः पुरुष.

घरात कॉफी होतच नव्हती असं नाही. कुणी पाण्यात उकळायचं, कुणी नेपल्सच्या पद्धतीच्या उलटायच्या भांड्यात गाळायचं. पण त्यात पाणी आपल्या वजनाने थेंब थेंब खाली उतरायचं, आपल्याकडच्या फिल्टर कॉफीसारखं. मागून ढकलणारा दाब त्यात नव्हता.

घरातल्या शेगडीवर, कुणालाही, चार पैशात दाबावरची कॉफी करता आली तर? अनेकांनी प्रयत्न केले होते. जमलं ते अल्फोन्सोला.

कपडे धुवायच्या भांड्यातून सुचलेली आयडिया

सांगितलं जातं ते असं. त्या काळी कपडे धुवायला एक मोठं भांडं वापरायचे. खाली साबणाचं पाणी, मधोमध एक उभी नळी आणि भोवती कपडे. भांडं चुलीवर ठेवलं की पाणी उकळून नळीतून वर चढायचं आणि कारंज्यासारखं कपड्यांवर पडायचं. हे बघून अल्फोन्सोच्या डोक्यात चमकलं. साबणाच्या पाण्याऐवजी नुसतं पाणी घेतलं आणि वाटेत कॉफी ठेवली तर?

ही गोष्ट किती खरी आणि किती रंगवलेली, ते सोडून द्या. शोधाच्या श्रेयावरूनही मतभेद आहेत. लुईजी दे पोन्ती नावाच्या इंजिनिअरचं नाव काही ठिकाणी मूळ शोधक म्हणून घेतलं जातं. पण १९३३ साली क्रुसिनाल्लोच्या वर्कशॉपमधून जे भांडं बाहेर आलं, ते बियालेत्तीच्या नावाने ओळखलं गेलं. येमेनमधलं मोखा बंदर कॉफीच्या व्यापारासाठी जुन्या काळापासून प्रसिद्ध. त्यावरून नाव पडलं मोका एक्सप्रेस.

भांड्याची रचना एकदम सोपी. तीन भाग. खालच्या भागात पाणी. त्यावर गाळणीसारखा डबा, त्यात कॉफी पावडर. वरचा भाग रिकामा. खालचा आणि वरचा भाग आट्यांवर घट्ट फिरवून बसवायचा आणि आचेवर ठेवायचं. खालचं पाणी तापतं, आत कोंडलेली हवा आणि वाफ दाब तयार करते. जायला दुसरी वाट नाही म्हटल्यावर गरम पाणी नळीतून वर चढतं, कॉफीतून पार होतं आणि वरच्या भागात जमा होतं. पाणी संपत आलं की गुरगुर असा आवाज येतो. कॉफी तयार.

खालच्या भागाला बाहेरून एक छोटा पितळी बोंडासारखा भाग असतो. तो सेफ्टी व्हॉल्व्ह. वाट तुंबली आणि दाब फार वाढला, तर वाफ तिथून बाहेर पडते. कुकरचा सेफ्टी व्हॉल्व्ह जे काम करतो, तेच.

आठ बाजूंचा आकारही दिसायला बरा म्हणून उगाच आला नाही. ओल्या हातात गोल भांडं निसटतं, कोन असलेलं भांडं पकडीत बसतं. फिरवून उघडायला आणि बंद करायला सोपं जातं. आणि साच्यातून असा आकार काढणं अल्फोन्सोसाठी रोजचंच काम होतं. दांडा आणि झाकणावरची मूठ बॅकेलाइटची, म्हणजे हात भाजत नाही.

ॲल्युमिनियमचं राजकारण

मोका पॉट आला तेव्हा इटलीत मुसोलिनीची सत्ता होती. १९३५ साली इटलीने इथिओपियावर हल्ला केला आणि राष्ट्रसंघाने इटलीवर आर्थिक निर्बंध लादले. मग मुसोलिनीने स्वावलंबनाचा धोशा लावला. लोखंड आणि कोळसा इटलीकडे कमी. पण ॲल्युमिनियम ज्यापासून बनतं ते बॉक्साइट देशात मिळत होतं. त्यामुळे ॲल्युमिनियमला राष्ट्रीय धातूचा मान मिळाला.

म्हणजे अल्फोन्सोचं भांडं काळाशी जुळणारं होतं. मग त्याने बक्कळ पैसा कमावला असेल?

तर नाही.

अल्फोन्सोचा हात साच्यावर बसलेला होता, बाजारावर नाही. तो आपला माल पिडमाँटमधल्या आठवडी बाजारांत आणि जत्रांत विकायचा. जाहिरात नाही, मोठी दुकानं नाहीत. १९३४ ते १९४० या काळात साधारण ७० हजार नग निघाले. एका वर्कशॉपसाठी आकडा वाईट नव्हता. पण पिडमाँटच्या बाहेर या भांड्याला फारसं कुणी ओळखत नव्हतं.

त्यात दुसरं महायुद्ध आलं. ॲल्युमिनियम लढाईच्या कामाला गेलं. बाहेरून येणारी कॉफी मिळेनाशी झाली, लोक भाजलेलं सातू आणि चिकोरी उकळून पिऊ लागले. कॉफीच नाही तर कॉफीचं भांडं कोण घेणार? मोकाचं उत्पादन थांबलं. अल्फोन्सोचा मुलगा रेनातो युद्धात पकडला जाऊन जर्मनांच्या कैदेत होता.

तेव्हा अल्फोन्सोची पन्नाशी उलटून गेली होती. मोका एक्सप्रेसची गोष्ट इथेच संपली असती, तर आज कुणाला त्याचं नावही माहीत नसतं.

बापाने बनवलं, पोराने विकलं

१९४६ साली रेनातो परत आला आणि त्याने कारखान्याची सूत्रं हातात घेतली. बाप कारागीर होता, पोरगा पक्का सेल्समन निघाला.

बाकीचा सगळा माल बाजूला ठेवून त्याने एकाच वस्तूवर जोर लावला. मोका एक्सप्रेस. वेगवेगळ्या आकारात. मिलानचा व्यापारी मेळा भरला की तो शहरभर जाहिरातीचे फलक लावायचा. मेळ्यात त्याने महाकाय मोका पॉटसुद्धा उभा केला.

मग आला तो प्रसिद्ध मिशीवाला. पॉल कंपानी या कार्टूनिस्टने काढलेला, काळ्या सूटातला, एक बोट वर करून कॉफी मागवणारा बुटका माणूस. १९५७ साली इटलीच्या टीव्हीवर कारोसेल्लो नावाचा जाहिरातींचा कार्यक्रम सुरू झाला. त्यातून मिशीवाला घराघरात पोचला. अस्सल भांड्याच्या अंगावर तो आजही असतो.

हा मिशीवाला नेमका कोण? कुणी म्हणतं अल्फोन्सो, कुणी म्हणतं रेनातो. जाहिरातीमागचं डोकं रेनातोचं, एवढं मात्र नक्की.

इटलीत तेव्हा सुबत्ता येत होती. नवी घरं, गॅसच्या शेगड्या, फ्रीज, टीव्ही आणि सोबत मोका पॉट. अल्फोन्सोने १९३३ साली केलेली मूळ रचना जवळपास तशीच राहिली. जत्रेत विकलं जाणारं भांडं देशाची ओळख झालं आणि हे त्याने जिवंतपणी बघितलं. १९७० साली ओमेन्यात त्याचं निधन झालं.

आजवर बियालेत्तीचे ३० कोटींहून जास्त मोका पॉट विकले गेल्याचं सांगितलं जातं. न्यूयॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टमध्येही तो ठेवलाय. २०१६ साली रेनातो गेला, तेव्हा त्याच्या अस्थी मोका पॉटच्या आकाराच्या मोठ्या कलशात ठेवल्या होत्या. त्याचे फोटो जगभर फिरले.

मग यातून निघतं ते एस्प्रेसो का?

आता वळूया खरेदीकडे.

आजच्या हिशोबाने, नाही. कॅफेतलं मशीन साधारण ९ बार दाब देतं, मोका पॉट दीड-दोन बारच्या आसपास. त्यामुळे कपावर येणारा तो जाडसर सोनेरी फेस मोकात मिळत नाही.

पण अल्फोन्सोने लोकांना फसवलं असंही नाही. १९३३ साली बारमधली मशीनसुद्धा वाफेवरच चालायची आणि त्यांचा दाब साधारण एवढाच होता. दांडा ओढून जोरदार दाब देणारं आणि फेस आणणारं आकिल्ले गाज्जाचं मशीन बारमध्ये आलं ते १९४८च्या सुमारास. म्हणजे मोका आहे तिथेच राहिला, एस्प्रेसो पुढे गेला.

म्हणून फेसाळ एस्प्रेसोच पाहिजे असेल तर मोका पॉट घेऊन पस्तावाल. कडक, घट्ट, दूध घातलं तरी चव टिकवणारी कॉफी पाहिजे असेल तर यासारखी स्वस्त आणि टिकाऊ वस्तू शोधून सापडणार नाही.

किती कपांचा घ्यायचा?

सगळ्यात जास्त लोक इथे फसतात. मोका पॉटचा कप म्हणजे आपला चहाचा कप नाही, कटिंगपेक्षाही छोटा. साधारण ४० ते ५० मिली. तीन कपांचा पॉट घेतला तर दोन माणसांची दुधाची कॉफी होते. चार माणसांचं घर असेल तर सहा कपांचा बघा.

पाहुणे येतील म्हणून उगाच मोठा घेऊ नका. मोका पॉट अर्धा भरून चालत नाही. डबा पावडरीने पूर्ण भरायचा आणि पाणी व्हॉल्व्हच्या खालपर्यंत, अशीच त्याची रचना आहे. रोज एकट्यासाठी सहा कपांचा पॉट चढवला तर कॉफी तरी वाया जाईल, नाहीतर झोप तरी.

एक कपाचा पॉट दिसायला गोड असतो, पण आपल्या गॅसच्या शेगडीच्या जाळीवर तो नीट उभा राहत नाही. सोबत छोटी जाळी घ्यावी लागते.

ॲल्युमिनियम की स्टील?

अल्फोन्सोचं उत्तर ॲल्युमिनियम. लवकर तापतं, वजनाला हलकं आणि स्वस्त. गॅस असेल तर आजही तोच घ्यायला हरकत नाही. त्याची सवय एवढीच की काम झालं की नुसत्या पाण्याने धुवायचा आणि कोरडा करून ठेवायचा. डिशवॉशरमध्ये टाकला की काळा पडतो. ॲल्युमिनियममुळे अल्झायमर होतो अशी भीती घालणारे मेसेज फिरत असतात, पण तसा संबंध सिद्ध झालेला नाही. तरी केलेली कॉफी त्यात तासनतास ठेवू नका, चवही बिघडते.

घरात इंडक्शन असेल तर साधा ॲल्युमिनियमचा पॉट त्यावर तापतच नाही. तिथे स्टीलच्या तळाचा घ्यायला पाहिजे. पण सगळं स्टील चालत नाही, म्हणून तळाला चुंबक चिकटतो का बघा.

गंमत म्हणजे स्टीलच्या एका गाजलेल्या पॉटचं नातंही अल्फोन्सोच्या घराशी आहे. अल्फोन्सोची मुलगी त्याच भागातल्या आलेस्सी कुटुंबात दिली होती. तिचा मुलगा अल्बेर्तो आलेस्सी पुढे आलेस्सी या नामांकित डिझाइन कंपनीचा चेहरा झाला. १९७९ साली आलेस्सीने रिखार्ड झापर या डिझायनरकडून ९०९० नावाचा स्टीलचा कॉफी पॉट करून घेतला. त्याला इटलीतला डिझाइनचा सगळ्यात मानाचा कोंपास्सो दोरो पुरस्कार मिळाला. आजोबांनी ॲल्युमिनियम गाजवलं, नातवाने स्टील.

घेताना अजून काय बघायचं?

एक, सुटे भाग. मोका पॉटमध्ये झिजतं ते मुख्यतः रबरी रिंग, कुकरच्या गॅस्केटसारखं. ते आणि गाळणी बाजारात वेगळी मिळते का, हे आधी विचारा. अनोळखी कंपनीचा स्वस्त पॉट घेतला आणि रिंग मिळाली नाही, तर पॉट भंगारात जातो.

दोन, सेफ्टी व्हॉल्व्ह. तो नीट बसवलेला पाहिजे. नसेल तर कितीही स्वस्त असला तरी घेऊ नका.

तीन, आट्या. दुकानात फिरवून बघा. सहज बसल्या पाहिजेत आणि घट्टही झाल्या पाहिजेत. ढिल्या आट्यांतून वाफ गळते आणि दाबच तयार होत नाही.

आणि घरी आणल्यावर? पावडर रव्यापेक्षा जरा बारीक, पण पिठासारखी नको. डब्यात भरायची, दाबायची नाही. आच मंद, ज्योत तळाच्या बाहेर जायला नको. गुरगुर सुरू झाली की लगेच उतरवायचा, नाहीतर कॉफी करपट कडू लागते.

अल्फोन्सोच्या भांड्यात वीज नाही, मोटर नाही, पेपर नाही, कॅप्सूल नाही. बिघडण्यासारखं आहे ते एक रबर. म्हणूनच इटलीत लोक आजी-आजोबांच्या काळचा पॉट आजही चढवतात. तेव्हा मोका पॉट निवडताना सगळ्यात चकचकीत कुठला ते बघू नका. वीस वर्षांनी ज्याची रिंग मिळेल आणि जो रोज पूर्ण भरला जाईल, तो घ्या.